दर आजचा, काम उद्याचे : शासकीय बांधकामांतील दरवाढीचा तिढा

शासकीय बांधकामाच्या कंत्राटदारांनी वाढीव दराची मागणी केली की त्यावर दोन टोकाच्या प्रतिक्रिया उमटतात. ‘ठरलेल्या दरात काम करायचे नव्हते तर निविदा भरली कशाला?’ हा सर्वसामान्य नागरिकाचा प्रश्न असतो. ‘डांबर, लोखंड आणि डिझेल ठरलेल्या दरात मिळत असेल तर आम्हीही ठरलेल्या दरात काम करू,’ हे कंत्राटदाराचे उत्तर असते. दोन्ही बाजूंत तथ्य आहे. या वादात रस्ता अर्धवट पडतो, आश्रमशाळेचे छत रेंगाळते, पाण्याची टाकी उभी राहते पण नळाला पाणी येत नाही. शहापूर आणि मुरबाड या ठाणे जिल्ह्यातील ग्रामीण तालुक्यांना हा अनुभव नवा नाही. म्हणूनच दर ठरतो कसा, तो बदलता येतो का आणि न बदलल्यास त्याची किंमत कोण मोजतो, हे समजून घेणे आवश्यक ठरते.

दर ठरतो कसा?

कोणत्याही शासकीय बांधकामाचे अंदाजपत्रक सार्वजनिक बांधकाम विभागाच्या दरसूचीवर आधारलेले असते. खोदाईचा एक घनमीटर, काँक्रीटचा एक घनमीटर, डांबरी थराचा एक चौरस मीटर अशा प्रत्येक बाबीचा दर या सूचीत दिलेला असतो. साहित्य, मजुरी, यंत्रसामग्री, किरकोळ खर्च आणि कंत्राटदाराचा साधारण १० टक्के नफा यांचे पृथक्करण करून हा दर काढला जातो. पूर्वी अशा सूची जिल्हा किंवा मंडळनिहाय निघत. पुढे संपूर्ण राज्यासाठी एकच राज्य दरसूची आली. खाणीपासून किंवा कारखान्यापासून कामाच्या जागेपर्यंतच्या वाहतुकीचा खर्च, म्हणजे ‘लीड’, त्यात वेगळा मिळवला जातो.

यानंतर निविदा निघते. ‘बी-१’ नमुन्यात शासनाने दर आधीच भरलेले असतात आणि कंत्राटदार एकूण रकमेवर अमुक टक्के जास्त किंवा अमुक टक्के कमी अशी बोली लावतो. ‘बी-२’ नमुन्यात प्रत्येक बाबीचा दर कंत्राटदार स्वतः भरतो. सर्वात कमी बोली लावणाऱ्यास काम मिळते, करारनामा होतो आणि कार्यारंभ आदेश निघतो. शासनाचा करार राज्यघटनेच्या २९९ व्या कलमानुसार राज्यपालांच्या नावाने आणि लेखी स्वरूपात व्हावा लागतो. त्यामुळे एखाद्या अधिकाऱ्याने तोंडी दिलेल्या ‘बघू, पुढे वाढवून देऊ’ या आश्वासनाला कायद्याच्या दृष्टीने काहीही अर्थ उरत नाही.

या सर्व प्रक्रियेला वेळ लागतो. दरसूची एका वर्षाची, अंदाजपत्रक त्यावर आधारलेले, प्रशासकीय व तांत्रिक मान्यता त्यानंतरच्या काही महिन्यांत, निविदा त्याहून पुढे आणि प्रत्यक्ष काम पावसाळा संपल्यावर. दर एका दिवशी ठरतो आणि खर्च दुसऱ्याच दिवशी होतो. या दोन दिवसांमधील अंतराची जबाबदारी कोणाची, एवढाच या साऱ्या वादाचा गाभा आहे.

शहापूर-मुरबाडचे वेगळेपण

ठाणे शहरालगतच्या कामाचे आणि डोळखांब किंवा टोकावडे परिसरातील कामाचे गणित सारखे नसते. शहापूर तालुका संपूर्णपणे अनुसूचित क्षेत्रात मोडतो, तर मुरबाड तालुक्यातील ७७ गावे त्यात आहेत. एका बाजूला कसारा घाट, दुसऱ्या बाजूला माळशेज घाट आणि मध्ये सह्याद्रीच्या सोंडांवर विखुरलेले पाडे, अशी येथील भूरचना आहे. डांबर मुंबईच्या माहुल परिसरातील तेलशुद्धीकरण कारखान्यांतून आणायचे म्हटले तरी पाड्यापर्यंत पोहोचताना डिझेलचा प्रत्येक वाढीव रुपया जाणवतो. दुर्गम आणि आदिवासी क्षेत्रातील कामांसाठी दरात काही वाढ धरण्याची सोय दरसूचीत असते. परंतु ती टक्केवारीही मूळ दरावरच मोजली जाते. मूळ दर जुना असेल तर त्यावरची वाढही जुनीच राहते.

कामाचा हंगामही तोकडा आहे. जून ते सप्टेंबर धुवाधार पाऊस, त्यानंतर भातकापणी. डांबरीकरणाला खऱ्या अर्थाने मिळतात ते नोव्हेंबर ते मे हे महिने. नेमक्या याच काळात, दिवाळीनंतर, येथील अनेक आदिवासी कुटुंबे वीटभट्ट्यांवर स्थलांतर करतात आणि स्थानिक मजूर मिळेनासा होतो. शिवाय वनजमिनीचा प्रश्न आहेच. तानसा अभयारण्याचा मोठा भाग शहापूर तालुक्यात येतो. रस्त्याच्या आखणीत वनक्षेत्र आले की १९८० च्या वनसंवर्धन कायद्यानुसार परवानगी घ्यावी लागते. ती मिळेपर्यंत एक हंगाम हुकला की पुढचे काम थेट पुढच्या दिवाळीनंतर, आणि तेही मागच्या दराने!

वाढ येते कुठून?

बांधकामाच्या खर्चातील चढउतार बहुधा कंत्राटदाराच्या किंवा अभियंत्याच्या हातात नसतात. जुलै २००८ मध्ये कच्च्या तेलाचा भाव पिंपामागे १४७ डॉलरवर गेला आणि त्याबरोबर डांबरही महागले. त्याच वर्षाच्या अखेरीस तो ४० डॉलरच्याही खाली आला. २०२२ च्या पूर्वार्धात युक्रेन युद्धामुळे तेल आणि पोलाद दोन्ही भडकले. पोलादाचे भाव आवरण्यासाठी केंद्र सरकारला मे २०२२ मध्ये निर्यात शुल्क लावावे लागले आणि ते नोव्हेंबर २०२२ मध्ये मागे घेतले गेले. दरम्यानच्या काळात ज्याला स्लॅब टाकायचा होता त्याने चढ्या भावानेच सळया घेतल्या.

काही वाढ खुद्द शासनाच्या निर्णयातून येते. खडी, मुरूम, माती यांसारख्या गौण खनिजांचे स्वामित्वधन राज्यात २०१५ मध्ये ब्रासला २०० वरून ४०० रुपये आणि २०२१ मध्ये ४०० वरून ६०० रुपये झाले. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट. रस्त्याच्या कामात खडी-मुरूम शेकडो ब्रास लागतो, हे लक्षात घेतल्यास या वाढीचा भार ध्यानात येईल. स्वामित्वधन भरल्याच्या पावत्या सादर न केल्यास ती रक्कम देयकातून कापली जाते.

करांचेही तसेच. वस्तू व सेवा कर १ जुलै २०१७ पासून लागू झाला, तेव्हा जुन्या मूल्यवर्धित कराच्या हिशेबाने भरलेल्या निविदांचे काय, हा प्रश्न राज्यभर उपस्थित झाला. शासकीय बांधकामांवरील कराचा दर ऑगस्ट २०१७ मध्ये १८ वरून १२ टक्क्यांवर आणण्यात आला आणि १८ जुलै २०२२ पासून तो पुन्हा १८ टक्के झाला. कर स्वतंत्रपणे देण्याची अट ज्या करारात होती तेथे फरक मिळण्याचा मार्ग मोकळा होता. करासह दर भरलेल्या कामांत मात्र वाद उद्भवले. उलट दिशेचे उदाहरणही आहे. सिमेंटवरील कर २२ सप्टेंबर २०२५ पासून २८ वरून १८ टक्क्यांवर आला. वाढ मागणाऱ्याने अशी घट झाली असता तिचाही हिशेब दाखवला पाहिजे, हे ओघाने आलेच.

करारातील सोय आणि तिच्या मर्यादा

भाववाढीचा विचार करारात अजिबात केलेला नसतो असे नाही. दीर्घ मुदतीच्या मोठ्या कामांत भावफरकाचे कलम असते. त्याचे सूत्र ढोबळमानाने असे : झालेल्या कामाच्या रकमेचे ८५ टक्के घ्यायचे, त्यात मजुरी, साहित्य, इंधन यांचा ठरवून दिलेला वाटा लावायचा आणि निविदेच्या वेळचा निर्देशांक व कामाच्या वेळचा निर्देशांक यांतील फरकाने त्याला गुणायचे. समजा, एका तिमाहीत एक कोटीचे काम झाले, साहित्याचा वाटा ६० टक्के आहे आणि निर्देशांक २० टक्क्यांनी वाढला, तर भावफरकापोटी १० लाख २० हजार रुपये मिळतील. निर्देशांक घसरल्यास याच सूत्राने कंत्राटदाराकडून वसुली होते. काही निविदांत सिमेंट, पोलाद आणि डांबराचे मूळ भाव ‘स्टार रेट’ म्हणून छापलेले असतात आणि खरेदीच्या वेळच्या भावाशी त्यांची तुलना करून फरक दिला वा घेतला जातो.

अडचण दोन ठिकाणी आहे. पहिली म्हणजे निर्देशांक देशाचा असतो आणि खर्च गावचा. घाऊक किंमत निर्देशांक संपूर्ण भारतातील भावांची सरासरी सांगतो. जवळची खाण बंद पडल्यामुळे खडी दूरच्या खाणीतून आणावी लागली, तर त्याची नोंद कोणत्याही निर्देशांकात होत नाही. दुसरी आणि अधिक गंभीर अडचण अशी की, कमी मुदतीच्या छोट्या कामांना हे कलम सहसा लावले जात नाही. शहापूर-मुरबाडमधील बहुसंख्य कामे अशीच आहेत. पाड्याचा जोडरस्ता, साकव, अंगणवाडी, शाळेची खोली, संरक्षक भिंत. ही कामे घेणारेही प्रामुख्याने स्थानिक छोटे कंत्राटदार, सुशिक्षित बेरोजगार अभियंते आणि मजूर सहकारी संस्था असतात. कोट्यवधींची उलाढाल असलेल्या मोठ्या कंपनीला भावफरकाचे संरक्षण, तर दागिने गहाण टाकून अनामत भरणाऱ्या तरुण अभियंत्याला ते नाही, असा हा उफराटा प्रकार आहे.

छोटे काम काही महिन्यांत संपते, म्हणून भावफरकाची गरज नाही, हे यामागील तर्कशास्त्र आहे. ते कागदावर बरोबर आहे. परंतु सहा महिन्यांचे काम परवानगी, जागेचा ताबा किंवा निधीअभावी दोन वर्षे चालले की ते तर्कशास्त्र कोलमडते.

न्यायालयांची भूमिका

केवळ महागाई झाली म्हणून ठरलेला दर बदलून मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९६० मध्येच स्पष्ट केले आहे. लष्कराला तूप पुरवण्याचा १९३७ मधील करार हा त्या खटल्याचा विषय होता. दुसऱ्या महायुद्धामुळे परिस्थिती आमूलाग्र बदलली, म्हणून अधिक मोबदला मिळावा, अशी अलोपी प्रसाद आणि कंपनीची मागणी होती. करार पाळणे अपेक्षेपेक्षा जड गेले म्हणजे करार संपुष्टात आला असे होत नाही, असे सांगून न्यायालयाने ती अमान्य केली. आजही शासकीय वकील या निकालाचा दाखला देतात.

मात्र विलंबास शासन कारणीभूत असेल तर चित्र बदलते. पी. एम. पॉल विरुद्ध भारत सरकार या १९८९ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने, महागाईच्या काळात विलंबाबरोबर खर्च वाढणे ही स्वाभाविक बाब असून विलंबाची जबाबदारी ज्याची त्याने तो भार सोसावा, अशा आशयाची भूमिका घेतली आणि लवादाने दिलेली भरपाई कायम ठेवली.

या दोन निकालांमधून व्यवहारात उपयोगी पडणारी गोष्ट एवढीच निघते : दरवाढीचे भवितव्य बाजारभावापेक्षा विलंबाच्या कारणावर अधिक अवलंबून असते. म्हणूनच कामावरील अडथळ्यांची नोंदवही महत्त्वाची ठरते. जागेचा ताबा कधी मिळाला, वनविभागाचे पत्र कधी आले, आराखडा कधी बदलला, याच्या तारखा त्यात वेळच्या वेळी लिहिल्या गेल्या असतील तर दावा टिकतो. अनेक छोटे कंत्राटदार अधिकाऱ्यांशी संबंध बिघडतील या भीतीने अशी पत्रेच देत नाहीत. मुदतवाढीच्या अर्जावर ‘वाढीव दराची मागणी करणार नाही’ असे हमीपत्र लिहून देतात आणि पुढे त्याच हमीपत्राने बांधले जातात. मे २०२० मध्ये करोना साथीमुळे केंद्र सरकारने शासकीय कंत्राटांना सहा महिन्यांपर्यंत मुदतवाढ जाहीर केली होती. तीमुळे दंड टळला, परंतु मुदत वाढणे आणि दर वाढणे या दोन भिन्न गोष्टी आहेत, हे त्या वेळी अनेकांच्या लक्षात आले.

शासनाला वाटणारी धास्ती

दरवाढ देताना शासन हात आखडता का घेते, यालाही इतिहास आहे. २००९ मध्ये विदर्भ पाटबंधारे विकास महामंडळाच्या ३८ प्रकल्पांची किंमत अवघ्या सात महिन्यांत ६,६७२ कोटींवरून २६,७२२ कोटी रुपयांवर गेली. या वाढीवर राज्यात वादळ उठले आणि डिसेंबर २०१२ मध्ये जलतज्ज्ञ डॉ. माधवराव चितळे यांच्या अध्यक्षतेखाली विशेष तपास पथक नेमावे लागले. मुरबाड तालुक्यातील काळू धरणाचे उदाहरण तर घरचेच. वनमंजुरीवाचून सुरू झालेल्या या धरणाच्या कामाला मुंबई उच्च न्यायालयाने २०१२ मध्ये स्थगिती दिली. परवानग्या हातात नसताना काम सुरू करायचे, ते रखडले की किंमत वाढवून घ्यायची, ही पद्धत या काळात लोकांच्या मनात घट्ट बसली. तिचे ओझे आज खरोखर अडचणीत आलेल्या छोट्या कंत्राटदाराच्या अर्जावरही पडते.

दुसरा आक्षेप कमी दराच्या बोलीचा आहे. स्पर्धेपोटी अंदाजपत्रकापेक्षा २०-२५ टक्के कमी दराने काम घ्यायचे आणि नंतर परवडत नाही म्हणायचे, हे कोणत्याही कसोटीवर टिकत नाही. दराच्या पृथक्करणात नफाच मुळी १० टक्के धरलेला असताना २५ टक्के कमी दराने काम करणारा बाकीचे १५ टक्के कोठून आणतो? यावर उपाय म्हणून फार कमी दराच्या निविदेबरोबर अतिरिक्त अनामत घेण्याचा नियम आहे. तरीही काम हातचे जाऊ नये या धास्तीने कमी दराची शर्यत थांबलेली नाही.

थकलेली देयके : न दिसणारी भाववाढ

दराइतकाच जिव्हाळ्याचा प्रश्न देयकांचा आहे. जलजीवन अभियान १५ ऑगस्ट २०१९ रोजी जाहीर झाले. २०२४ पर्यंत प्रत्येक ग्रामीण घराला नळ देण्याचे त्याचे उद्दिष्ट होते, ते २०२५ च्या केंद्रीय अर्थसंकल्पात २०२८ पर्यंत पुढे ढकलण्यात आले. राज्यातील विविध विभागांकडे मिळून सुमारे ८९ हजार कोटी रुपये थकल्याचा दावा करीत कंत्राटदारांच्या संघटनांनी २०२५ च्या प्रारंभी आंदोलन पुकारले होते. आकड्याबद्दल दुमत असू शकते. परंतु देयक वर्षभर रखडले आणि कंत्राटदार सावकाराचे किंवा बँकेचे व्याज भरत राहिला, तर कागदावरील दर न बदलताही त्याचा खरा दर कमी झालेला असतो. भावफरकाच्या कोणत्याही सूत्रात या व्याजाला स्थान नाही. वेळेवर पैसे मिळण्याची खात्री असेल तर बोलीही अधिक वाजवी येईल, हे यातील साधे अर्थशास्त्र आहे.

किंमत मोजतो कोण?

वाढीव दर मिळाला नाही तर कंत्राटदारापुढे तीन वाटा उरतात : तोटा सोसणे, काम सोडणे किंवा कामात काटकसर करणे. पहिली वाट फार थोडे धरतात. दुसऱ्या वाटेने अनामत जप्त होते, काळ्या यादीची टांगती तलवार राहते आणि उरलेल्या कामाची नवी निविदा नव्या दराने काढावी लागते. म्हणजे शासनाने नाकारलेली वाढ अखेर दुसऱ्याला द्यावीच लागते, शिवाय दोन वर्षे जातात ती वेगळीच.

तिसरी वाट सर्वात घातक, कारण ती दिसत नाही. ग्रामीण रस्त्याची रुंदी ३.७५ मीटर आणि डांबरी थराची जाडी २० मिलिमीटर धरली, तर एका किलोमीटरला ७५ घनमीटर मिश्रण लागते. थर केवळ पाच मिलिमीटरने पातळ केला तर त्यातील चौथा हिस्सा वाचतो. पाच मिलिमीटर डोळ्यांना जाणवत नाही. तो दोन पावसाळ्यांनंतर जाणवतो, जेव्हा रुग्णवाहिका पाड्याच्या अलीकडेच थांबते आणि बाळंतिणीला झोळीतून आणावे लागते. भातसा आणि तानसा धरणांतून महानगरांना पाणी पुरवणाऱ्या शहापूर तालुक्यात उन्हाळ्यात टँकर फिरतात. तेथे एखादी नळयोजना दराच्या वादात अडकणे म्हणजे डोक्यावरचा हंडा आणखी एक वर्ष न उतरणे होय.

तोडग्याच्या दिशा

सरसकट दरवाढ हा यावर उपाय नाही आणि सरसकट नकार हाही नाही. काही गोष्टी मात्र करता येण्याजोग्या आहेत. दरसूची दरवर्षी ठरलेल्या वेळी सुधारली गेली आणि निविदा काढताना अंदाजपत्रक चालू दराने अद्ययावत केले गेले, तर निम्मे वाद जन्मालाच येणार नाहीत. जागेचा ताबा, वनपरवानगी आणि निधीची तरतूद हाती आल्याखेरीज कार्यारंभ आदेश देऊ नये. डांबर, सिमेंट आणि पोलाद या तीन वस्तूंपुरते तरी भावफरकाचे कलम छोट्या कामांनाही लावावे, वाढ आणि घट दोन्ही बाजूंनी. काम मूळ मुदतीपलीकडे शासनाच्या कारणाने गेले तर त्या तारखेपासून भावफरक आपोआप लागू व्हावा, त्यासाठी मंत्रालयापर्यंत खेटे घालावे लागू नयेत. आणि अवाजवी कमी दराच्या बोलीचे पृथक्करण मागून ती पटली नाही तर फेटाळण्याचे धैर्य अभियंत्यांनी दाखवावे.

नागरिकांनाही यात भूमिका आहे. कामाच्या फलकावर अंदाजित रक्कम, कार्यारंभ आदेशाची तारीख, मुदत आणि दोषदायित्वाचा कालावधी लिहिलेला आहे की नाही, हे पाहणे अवघड नाही. प्रधानमंत्री ग्रामसडक योजनेच्या रस्त्यांची देखभाल पाच वर्षे त्याच कंत्राटदाराकडे असते, हे अनेक गावांना ठाऊक नसते. मोजमाप पुस्तकाची प्रत, मुदतवाढीचे आदेश आणि दरवाढीचे प्रस्ताव २००५ च्या माहिती अधिकार कायद्याखाली मागता येतात. ग्रामसभेने ही कागदपत्रे मागवून वाचली, तर रस्ता महागाईने रखडला, परवानगीअभावी रखडला की कमी दराच्या हव्यासापोटी रखडला, याचे उत्तर तारखांसह समोर येते. दरवाढीची मागणी रास्त आहे की नाही, हे ठरवण्याचा तोच खरा आधार आहे.